पलटणीत सुभेदार, गावात जोहार

कोरेगाव भीमाच्या विजयस्तंभाविषयी वाचताना एक साधा प्रश्न बहुतेकांच्या मनात येतो. ज्या शिपायांची नावे इंग्रज सरकारने स्वतः दगडावर कोरून घेतली, त्यांच्याच नातवा-पणतवांना त्याच सरकारने पुढे सैन्यात घ्यायला नकार का दिला? 1818 साली लढायला चालणारा महार शिपाई 1892 च्या सुमारास ‘लढवय्या जातीचा नाही’ असे कसे ठरले? पाऊणशे वर्षांत कोणा समाजाचे रक्त बदलत नाही. मग बदलले काय?

या प्रश्नाचे उत्तर कोणत्याही लढाईच्या वर्णनात सापडत नाही. ते पलटणीच्या रचनेत, गावच्या वतनात आणि सरकारच्या सोयीत विखुरलेले आहे. तिन्ही गोष्टी एकेक करून पाहिल्या की लष्करी सन्मान नावाची वस्तू कोण कोणाला देतो, किती दिवसांसाठी देतो आणि ती परत कशी घेतली जाते, हे स्पष्ट होते.

1. रांग आणि पंगत

सैन्यात माणूस हुद्द्याने ओळखला जातो. जुन्या हिंदी पलटणीत शिपाई, नाईक, हवालदार, जमादार, सुभेदार आणि सर्वांत वर सुभेदार-मेजर अशी चढण होती. वरचा हुकूम देतो, खालचा पाळतो. हा दर्जा मिळवावा लागतो आणि चूक केली तर जातोही. जातीचा दर्जा याच्या नेमका उलटा. तो जन्माबरोबर येतो, काही केल्याने वाढत नाही आणि काही न केल्याने घटत नाही. एक मोजमाप लढाईच्या रांगेचे, दुसरे जेवणाच्या पंगतीचे.

ही दोन मोजमापे एकाच माणसाला लावली की काय होते, याची एक कथा महाराष्ट्रात परंपरेने सांगितली जाते. 1795 च्या खर्ड्याच्या लढाईत शिदनाक नावाचा महार सरदार मराठी फौजेत होता. त्याचा तंबू आपल्या तंबूंच्या ओळीत नको, अशी तक्रार इतरांनी केली. तेव्हा, ही काही जेवणाची पंगत नाही, इथे तलवार चालवणाऱ्याची जात बघायची नसते, असा निवाडा एका वडीलधाऱ्या सरदाराने दिल्याचे सांगतात. कथेतले शब्द कितपत खरे, हा मुद्दा इथे दुय्यम आहे. निवाड्याची मर्यादा मात्र लक्षात घेण्यासारखी आहे. तंबू ओळीत राहिला तो लढाईपुरता. लढाई संपल्यावर पंगत मांडली गेली तेव्हा शिदनाक कुठे बसला, हे कथा सांगत नाही.

मराठेशाहीत किल्ल्यांच्या पहाऱ्यावर, घेऱ्यातल्या रानाच्या राखणीला महार, मांग आणि रामोशी असत. म्हणजे शस्त्र हाती धरणे या समाजाला नवे नव्हते. ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबई फौजेत जे नवे घडले ते वेगळे होते. तिथे महार शिपायाला पगार, गणवेश आणि बढतीची शिडी मिळाली. बंगालच्या फौजेत अवधकडच्या उच्चवर्णीयांचा भरणा होता आणि त्यांच्या सोवळ्याला अधिकारी जपत असत. मुंबईची फौज मिश्र होती. पलटणीच्या एकाच कंपनीत मराठा, महार, मुसलमान, परदेशी (म्हणजे उत्तर हिंदुस्थानी), बेने इस्राएल (म्हणजे कोकणातले यहुदी) असे शिपाई खांद्याला खांदा लावून उभे राहत. ज्येष्ठतेने महार शिपाई सुभेदार झाला, तर वरच्या मानल्या गेलेल्या जातीच्या शिपायाला त्याला सलाम ठोकावाच लागे.

2. दगडावरची नावे

1 जानेवारी 1818 रोजी कंपनी सरकारच्या कॅप्टन फ्रान्सिस स्टाँटन याची तुकडी शिरूरहून पुण्याच्या मदतीला निघालेली असताना भीमेच्या काठी कोरेगावात पेशव्यांच्या फौजेशी तिची गाठ पडली. तुकडीत पहिल्या रेजिमेंटच्या दुसऱ्या बटालियनचे सुमारे 500 पायदळ शिपाई, काही घोडेस्वार आणि दोन तोफांसह मद्रासचे थोडे गोलंदाज होते. रात्रभर चाल करून आलेल्या या माणसांना दिवसभर अन्नपाण्यावाचून गावातल्या गल्ल्यांत लढावे लागले. रात्री पेशव्यांची फौज हटली.

पुढे त्या जागी स्तंभ उभा राहिला. त्यावर कोरलेल्या हिंदी मृतांच्या 49 नावांपैकी 22 नावांच्या शेवटी ‘नाक’ हा प्रत्यय आहे. हा प्रत्यय त्या काळी महार पुरुषांच्या नावाला जोडला जाई, म्हणून ती नावे ओळखता येतात. उरलेल्यांत मराठा, राजपूत, मुसलमान आणि बेने इस्राएल शिपायांची नावे आहेत. दगडावर ही सगळी नावे एकाखाली एक, एकाच आकाराच्या अक्षरांत आहेत. त्या काळच्या महाराष्ट्रात या सगळ्या जातीधर्मांची नावे एका पातळीवर मांडलेली दुसरी जागा शोधून सापडणे कठीण.

दुसरे उदाहरण कमी लोकांना ठाऊक आहे. दुसऱ्या अफगाण युद्धात, 16 एप्रिल 1880 रोजी, कंदाहारच्या वाटेवरील दुब्राई नावाच्या लहानशा चौकीवर पठाणांच्या मोठ्या जमावाने हल्ला केला. 19 व्या मुंबई पायदळाचा मेजर सिडनी वॉडबी आणि मूठभर शिपाई तिथे होते. चौकी सोडून जाण्याऐवजी ते लढले आणि मारले गेले. मेजरबरोबर पडलेल्यांत इलाही बक्ष हा मुसलमान शिपाई होता आणि सोननाक हा महार शिपाई. मुंबईच्या फोर्ट भागातल्या रस्त्याला वॉडबी रोड हे नाव पडले; आज तो हजारीमल सोमाणी मार्ग आहे. मेजरचे नाव कित्येक पिढ्या मुंबईकरांच्या तोंडी राहिले. सोननाकाचे नाव तसे कोणाच्या तोंडी राहिले नाही.

3. एकाच माणसाचे दोन दर्जे

सन्मान म्हणजे काय, हे नीट समजायचे तर तो कुठवर चालतो हे पाहावे लागते. नाणे ज्या बाजारात चालते तिथेच त्याला किंमत असते. महार सुभेदाराचा हुद्दा छावणीत खणखणीत चालत होता. छावणीच्या फाटकाबाहेर तो चालत नव्हता.

वीस-पंचवीस वर्षे नोकरी करून पेन्शनीत निघालेला असा एखादा सुभेदार डोळ्यांसमोर आणावा. छावणीत त्याला स्वतःची खोली होती. कवायतीच्या मैदानावर त्याच्या एका आवाजाने शंभर माणसे वळत होती. त्याला वाचता-लिहिता येत होते, हिशेब येत होता. हा माणूस कोकणातल्या किंवा घाटावरच्या आपल्या गावी परततो. वेशीजवळ येताच त्याला महारवाड्याकडची वाट धरावी लागते, कारण गावातून जाणारा रस्ता त्याच्यासाठी नाही. वाटेत पाटील भेटला तर बूट काढून, अंतर राखून ‘जोहार मायबाप’ म्हणावे लागते. ज्या हाताने त्याने इतकी वर्षे सलाम घेतले, तोच हात आता जमिनीकडे वाकतो. तहान लागली तर विहिरीजवळ उभे राहून कोणी वरून पाणी ओतण्याची वाट पाहायची. छातीवरचे पदक विहिरीच्या काठावर काही कामाचे नसते.

याच्या मुळाशी वतन होते. वतन म्हणजे गावाच्या ठरावीक कामाच्या बदल्यात पिढ्यानपिढ्या मिळणारा थोडा जमिनीचा तुकडा आणि बलुते. महार वतनदाराकडे वेशीची राखण म्हणजे वेसकरकी, सरकारी निरोप पोचवणे, तालुक्याला जाणाऱ्या वसुलीबरोबर चालणे, शिवेच्या तंट्यात साक्ष देणे, मेलेली गुरे ओढणे, सरणाची लाकडे वाहणे अशी कामे असत. काम एका माणसाला नव्हे, साऱ्या कुळाला बांधलेले असे. भाऊ पलटणीत सुभेदार असला तरी घरावरची वेसकरकी सुटत नसे. गावाच्या दृष्टीने सुभेदार हा तात्पुरता बाहेरगावी गेलेला वतनदार महार होता. परत आला की जुने खाते पुन्हा चालू.

इथे समाजाचा दांभिकपणा अगदी जवळून दिसतो. विटाळ जर खरोखर स्पर्शाने होत असेल, तर तो पलटणीतही व्हायला हवा. तिथे तो होत नव्हता. एकाच तंबूत झोपलेला, एकाच खंदकात बसलेला, जखमी झाल्यावर महार साथीदाराच्या पाठीवरून मागे आणलेला शिपाई सुट्टीवर गावी आला की त्याच साथीदाराची सावली टाळत असे. याचा अर्थ विटाळाचा नियम पाळणारेच जाणत होते की तो निसर्गाचा नियम नाही. जिथे पगार आणि हुकूम होता तिथे तो बाजूला ठेवता येत होता. जिथे तो मोडल्याने गावातले आपले वरचे स्थान जाणार होते तिथे तो कडक होता. जो नियम सोयीने लागतो आणि सोयीने सुटतो, तो धर्माचा म्हणून सांगितला जात होता. या एका गोष्टीने महार पेन्शनरांच्या मनात जी ठिणगी पडली, ती कोणत्याही पुस्तकाने पडली नसती. त्यांनी नियम गळून पडलेला स्वतः पाहिला होता.

म्हणूनच अनेक पेन्शनर गावी परतलेच नाहीत. दापोलीसारख्या, एकेकाळी लष्करी कॅम्प असलेल्या ठिकाणी त्यांनी घरे केली. तिथेही झगडा सुटला नाही. 1890 च्या दशकात दापोलीच्या पेन्शनरांना आपल्या मुलांच्या शाळाप्रवेशासाठी अर्ज करावे लागले आणि अस्पृश्य मुलांची जागा वर्गात नव्हे, शाळेच्या व्हरांड्यात ठरवली जाऊ लागली. शिक्षणाची ही मागणी लष्करातूनच आली होती, कारण पलटणीत शिपायांच्या मुलांसाठी, मुलींसाठीसुद्धा, शाळा असत आणि शिक्षण सक्तीचे होते. रामजी मालोजी सकपाळ हे अशाच लष्करी शाळेचे 14 वर्षे मुख्याध्यापक होते आणि सुभेदार-मेजरच्या हुद्द्यापर्यंत चढले होते. त्यांचे वडील मालोजीही शिपाईगिरी केलेले, पत्नी भीमाबाईंचे माहेर मुरबाडकर सुभेदारांचे. महू छावणीत 14 एप्रिल 1891 रोजी जन्मलेले त्यांचे धाकटे अपत्य म्हणजे भीमराव आंबेडकर. ज्या घरात पुस्तके होती, शिस्त होती आणि स्वाभिमान होता, ते घर पलटणीने घडवले होते. भीमराव पुरते दोन वर्षांचेही झाले नव्हते, तेवढ्यात त्या पलटणीचे दार बंद होऊ लागले.

4. ‘लढवय्या जाती’ ही कल्पना

1857 नंतर इंग्रजांनी हिंदी सैन्याचा नव्याने विचार सुरू केला. त्यातून हळूहळू एक मत पक्के झाले की हिंदुस्थानातल्या काही जाती-जमाती जन्मतःच लढवय्या असतात आणि बाकीच्या नसतात. शीख, गुरखे, पठाण, पंजाबी मुसलमान, डोग्रे पहिल्या यादीत गेले. दक्षिणेकडचे आणि पश्चिमेकडचे बरेच समाज दुसऱ्या यादीत. या मताचा सर्वांत वजनदार पुरस्कर्ता होता लॉर्ड रॉबर्ट्स, जो 1885 ते 1893 या काळात हिंदुस्थानचा सरसेनापती होता. मुंबई आणि मद्रासच्या फौजांविषयी त्याचे मत चांगले नव्हते. 27 जुलै 1880 रोजी मैवंद येथे इंग्रज सैन्याचा मोठा पराभव झाला. त्यात मुंबईच्या पलटणी होत्या आणि त्यानंतर काबूलहून कंदाहारवर कूच करून आलेल्या रॉबर्ट्सने त्या खचलेल्या फौजेला पाहिले होते. मैवंदला एक गोरी पलटणही होती आणि तीही मोडली होती, हे या तर्कात सोडून दिले गेले.

रशिया वायव्येकडून येईल, ही त्या काळच्या सरकारची मोठी धास्ती होती. थंड डोंगराळ सरहद्दीवर लढणारी माणसे तिकडच्याच मुलखातून घ्यावीत, हा विचार एका मर्यादेत समजण्यासारखा आहे. पण सरकारने तो भूगोलाचा विचार म्हणून मांडला नाही, रक्ताचा म्हणून मांडला. इथेच साम्राज्याचा दांभिकपणा सुरू होतो. एखाद्या मुलाला विहिरीत उतरूच द्यायचे नाही आणि काही वर्षांनी ‘याच्या घराण्यात पोहणे नाही’ असे लिहून ठेवायचे, तसा हा प्रकार होता. भरती थांबली की लढाईत नाव मिळवण्याची संधी थांबते. नाव नाही म्हणून भरती नाही. हे वर्तुळ एकदा पूर्ण झाले की आतून तोडता येत नाही.

5. सोळा जागांचे गणित

महारांच्या बाबतीत आणखी एक कारण होते आणि ते जास्त बोलके आहे. त्या काळच्या हिंदी पायदळ पलटणीत आठ कंपन्या असत. प्रत्येक कंपनीत एक सुभेदार आणि एक जमादार, म्हणजे पलटणीत हिंदी अधिकाऱ्यांच्या साधारण सोळा जागा. पलटण मिश्र असेल तर या सोळाही जागा कोणालाही मिळू शकत. ज्येष्ठता आणि कामगिरी असेल तो पुढे जाई.

1890 च्या दशकात नवी रचना आली. एका कंपनीत एकाच जातीचे शिपाई भरायचे, म्हणजे ‘क्लास कंपनी’. समजा, एका पलटणीच्या सहा कंपन्या मराठ्यांना आणि दोन मुसलमानांना वाटून दिल्या. बारा जागा मराठ्यांच्या, चार मुसलमानांच्या. त्या पलटणीत वीस वर्षे नोकरी झालेला एखादा महार हवालदार असेल, तर त्याची सुभेदारी आता कुठे आहे? कुठेच नाही. त्याला कोणी नालायक ठरवलेले नाही, त्याची चौकशी झालेली नाही, त्याच्यावर ठपका नाही. फक्त वाटणीत त्याच्या जातीच्या नावाची कंपनी नाही. कागदावरची एक रेघ सरकली आणि तीन पिढ्यांची शिडी काढून घेतली गेली.

अशी वाटणी करताना दिलेले कारण असे की, वरच्या जातींचे शिपाई खालच्या जातीच्या अधिकाऱ्याखाली राहायला तयार नसतात आणि लढवय्या जातींची भरती करायची तर त्यांच्या भावना सांभाळल्या पाहिजेत. शंभर वर्षे हे शिपाई महार सुभेदारांचे हुकूम पाळत आले होते, तेव्हा हे कारण पुढे आले नव्हते. सुरुवातीला शिपायांची गरज होती म्हणून कंपनी सरकारने गावची उतरंड छावणीबाहेर ठेवली. राज्य स्थिरावल्यावर, वरच्या जातींची मर्जी जास्त उपयोगाची वाटू लागली, तेव्हा तीच उतरंड छावणीत आणून बसवली आणि तिला शास्त्रीय नाव दिले. लग्नासाठी उसना दिलेला दागिना लग्न उरकताच परत मागून न्यावा, तसा महार शिपायाचा सन्मान परत घेतला गेला. तो दिला गेला तेव्हाही शौर्य हे त्याचे खरे कारण नव्हते, देणाऱ्याची गरज हे होते. शौर्य कारण असते, तर ते 1892 सालीही तेवढेच शिल्लक होते.

1892-93 पासून महारांची भरती थांबली. पगार गेला, पेन्शनची आशा गेली, मुलांची लष्करी शाळा गेली. पुढच्या पिढीतल्या तरुणांना वतनाच्या भाकरीकडे किंवा मुंबईच्या गिरण्या-गोद्यांकडे वळावे लागले.

6. मसूर स्टेशनावरची मुले

सुभेदाराच्या हुद्द्याची छावणीबाहेरची किंमत नेमकी किती होती, याचा सर्वांत तपशीलवार पुरावा एका मुलाच्या आठवणीत आहे. रामजी निवृत्तीनंतर साताऱ्यात राहत होते आणि 1901 च्या सुमारास खटाव तालुक्यातल्या कोरेगाव येथे दुष्काळी कामावर, तलाव खोदण्याच्या जागी, खजिनदार म्हणून नोकरी करत होते. हे कोरेगाव भीमाकाठचे नव्हे. उन्हाळ्यात मुलांनी तिकडे यावे असे ठरले. भीमराव, त्यांचा थोरला भाऊ आणि बहिणीची मुले आगगाडीने मसूर स्टेशनवर उतरली. अंगात चांगले सदरे, डोक्यावर जरीच्या टोप्या. वडिलांना पत्र मिळाले नव्हते, त्यामुळे न्यायला कोणी आले नव्हते.

स्टेशनमास्तरने आधी आपुलकीने चौकशी केली. कपड्यांवरून मुले ब्राह्मणांची असावीत असे त्याला वाटले. मुलांनी आपण महार असल्याचे सांगताच त्याचा चेहरा बदलला आणि तो मागे सरला. बाहेर बैलगाड्या उभ्या होत्या, पण एकही गाडीवान तयार होईना. मुले दुप्पट भाडे द्यायला तयार होती. अखेर तोड निघाली ती अशी की मुलांनी स्वतः गाडी हाकायची आणि गाडीवानाने शेजारून चालायचे. गाडी विटाळली तरी चालेल, पण महाराला घेऊन आपण गाडी हाकली असे होता कामा नये, हा त्या तोडीचा अर्थ. बरोबर जेवणाचा डबा होता, पण वाटेत पिण्याजोगे पाणी मिळाले नाही. एका ठिकाणी सापडले ते गुरांनी घाण केलेले. रात्री टोलनाक्यावर मुसलमान असल्याचे सांगूनही पाणी मिळाले नाही. मुले उपाशी झोपली आणि दुसऱ्या दिवशी मुक्कामाला पोचली.

आंबेडकरांनी ही हकीकत पुढे ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या आठवणींत लिहिली. तिच्यात एक गोष्ट ठळक आहे. वडील सुभेदार आहेत, सरकारी खजिन्याचे काम पाहतात, ही ओळख त्या मुलांजवळ होती. पैसेही होते. स्टेशनपासून टोलनाक्यापर्यंत या दोन्हींनी एक तांब्या पाणी मिळाले नाही. लष्कराने घरात आणलेला आत्मसन्मान मात्र मुलांजवळ होता, म्हणूनच तो अपमान त्यांना अपमान म्हणून कळला आणि नऊ-दहा वर्षांच्या मुलाच्या मनात कायमचा राहिला.

7. अर्ज

भरतीबंदीला पहिले संघटित उत्तर पेन्शनरांकडून आले. रावदळचे गोपाळबाबा वलंगकर 1886 साली लष्करातून निवृत्त झाले आणि दापोलीत राहू लागले. जोतीराव फुल्यांच्या विचारांचा त्यांच्यावर प्रभाव होता. 1888 मध्ये त्यांनी ‘विटाळ विध्वंसन’ ही पुस्तिका लिहिली. अनार्य दोष परिहारक मंडळी ही संस्थाही त्यांनीच काढली. 1894 मध्ये त्यांनी भरती पुन्हा सुरू करावी असा अर्ज तयार केला. त्यात पूर्वजांची लष्करी सेवा मांडली होती आणि महार हे मूळचे क्षत्रियच आहेत, असा दावाही होता.

हा दावा आज वाचताना खटकतो, पण तो कुठून आला हे समजून घेतले पाहिजे. सरकारने प्रश्नच असा विचारला होता की तुमचा जन्म कोणत्या रक्तात झाला? मग उत्तरही जन्माच्याच भाषेत द्यावे लागले. शंभर वर्षांची नोकरी, जखमा, स्तंभावरची नावे हा पुरावा समोर असताना अर्जदारांना कधी काळच्या क्षत्रियत्वाचा आधार घ्यावा लागला, यातच त्या प्रश्नाचा अन्याय दिसतो. अर्जावर सही करायला काही वरिष्ठ पेन्शनर तयार झाले नाहीत, कारण सरकार रागावले तर पेन्शन बंद होईल ही भीती होती. ज्यांनी गोळ्यांसमोर छाती केली त्यांना सहीची भीती वाटावी, हे विचित्र वाटू शकते. पण गोळीने एक माणूस मरतो. पेन्शन बंद झाली की सारे घर पुन्हा वेसकरकीच्या भाकरीवर येते. ही भीती भेकडाची नव्हती.

पुढच्या पिढीत पुण्याचे शिवराम जानबा कांबळे उभे राहिले. ते पुण्यातल्या मेसॉनिक लॉजमध्ये बटलर होते. तिथल्या ग्रंथांवर आणि वर्तमानपत्रांवर त्यांनी स्वतःचे शिक्षण केले. 1908 साली त्यांनी ‘सोमवंशीय मित्र’ हे मासिक सुरू केले. 1910 मध्ये दख्खनच्या महारांच्या परिषदेतर्फे थेट भारतमंत्र्यांकडे अर्ज गेला. मागणी किती साधी होती हे पाहण्यासारखे आहे. सरकारी नोकरीतल्या खालच्या जागा, पोलिसात शिपाई आणि सैन्यात शिपाई, एवढेच. गव्हर्नरच्या कौन्सिलात जागा नव्हे.

पुढे याच शिवराम कांबळ्यांच्या पुढाकाराने 1 जानेवारी 1927 रोजी कोरेगावच्या स्तंभाजवळ सभा झाली आणि डॉ. आंबेडकर तिथे आले. सरकारने आपल्या विजयाची खूण म्हणून उभारलेला दगड भरतीबंदीविरुद्धचा पुरावा म्हणून लोकांनी हाती घेतला. त्याच वर्षी मार्चमध्ये महाडला चवदार तळ्याचा सत्याग्रह झाला. महाडच्या परिषदेतल्या भाषणात आंबेडकरांनी कोकणातल्या पेन्शनरांच्या जुन्या भरभराटीची आणि लष्कराचे दार बंद झाल्याने झालेल्या नुकसानीची आठवण करून दिली. ज्या तालुक्यांनी पिढ्यानपिढ्या शिपाई पुरवले, त्याच तालुक्यांतली माणसे 20 मार्च 1927 रोजी रांगेने तळ्याकडे चालत गेली आणि पाणी प्यायली.

8. युद्ध आले की दार उघडते

पहिल्या महायुद्धात माणसांचा तुटवडा पडला आणि 1917 मध्ये 111 वी महार पलटण उभी राहिली. पंचवीस वर्षे ‘लढवय्या नाही’ असे सांगितलेल्या समाजातून शिपाई मिळायला अडचण आली नाही. युद्ध संपले, गरज संपली आणि 1921 पर्यंत पलटण मोडली गेली.

दुसऱ्या महायुद्धात पुन्हा तेच घडण्याची चिन्हे होती. या वेळी आंबेडकर व्हाइसरॉयच्या संरक्षण सल्लागार समितीवर होते आणि स्वतंत्र महार रेजिमेंटची मागणी त्यांनी लावून धरली. 1 ऑक्टोबर 1941 रोजी बेळगाव येथे महार रेजिमेंटची पहिली बटालियन उभी राहिली; दुसरी कामठीला. 1946 मध्ये तिला मशीनगन रेजिमेंटचे रूप मिळाले. टोपीवरच्या बिल्ल्यात दोन मशीनगन आणि त्यांवर कोरेगावचा स्तंभ होता. स्वातंत्र्यानंतर स्तंभाच्या जागी खंजीर आला.

स्वतंत्र भारतात ही रेजिमेंट मोडली गेली नाही. तिचे केंद्र मध्य प्रदेशात सागर येथे आहे. तिच्यात आता देशाच्या निरनिराळ्या प्रांतांतले आणि जातींतले जवान आहेत. जनरल के. व्ही. कृष्णराव आणि जनरल के. सुंदरजी हे दोन लष्करप्रमुख याच रेजिमेंटमधून पुढे आले. 1987 मध्ये श्रीलंकेत पडलेले तिच्या आठव्या बटालियनचे मेजर रामस्वामी परमेश्वरन यांना मरणोत्तर परमवीर चक्र देण्यात आले.